अमेरिकेतला समलिंगी विवाहाचा वाद: धर्म, वंश आणि राजकारण (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

अमेरिकेतल्या समलिंगी विवाहाचा विषय निघाला की मला तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात. काही निव्वळ माहितीसाठी विचारलेले असतात, काही रागाने, काही दबकत. ते इथे एकत्र केले आहेत. आधी साधे प्रश्न आहेत, मग अडचणीचे. एखाद्या गोष्टीचं उत्तर दुसरीकडे आलं असेल तर तिथे फक्त क्रमांक दिला आहे. दोन सज्ञान माणसांना लग्न करायचं असेल तर कायद्याने आड येऊ नये, असं मला मनापासून वाटतं, आणि ते मी लपवणार नाही. पण विरोध करणाऱ्यांचं म्हणणं ते स्वतः मांडतील तसंच इथे यावं, एवढी काळजी घेतली आहे.

१. अमेरिकेत समलिंगी विवाह नक्की कधी कायदेशीर झाला?

देशभर झाला तो २६ जून २०१५ रोजी, सर्वोच्च न्यायालयाच्या ओबर्गफेल विरुद्ध हॉजेस या निकालाने. पाच न्यायाधीश बाजूने होते, चार विरोधात. त्याआधी प्रत्येक राज्याचा कायदा वेगळा होता. पहिलं राज्य मॅसॅच्युसेट्स. तिथे १७ मे २००४ पासून लग्नं लागू लागली. शाळांमधला वर्णभेद बेकायदा ठरवणाऱ्या निकालाला त्याच दिवशी बरोबर ५० वर्षं झाली होती.

मधल्या अकरा वर्षांत एका राज्यात विवाहित असलेलं जोडपं राज्याची हद्द ओलांडली की कायद्याच्या लेखी परकं व्हायचं. जिम ओबर्गफेल आणि जॉन आर्थर हे ओहायोचे. जॉन यांना एएलएस हा स्नायू निकामी करणारा आजार होता आणि ते अंथरुणाला खिळलेले होते. ओहायोत लग्न होणार नव्हतं, म्हणून जुलै २०१३ मध्ये रुग्णवाहू विमानाने ते दोघे मेरिलंडला गेले. विमान धावपट्टीवर उभं असतानाच जॉन यांच्या नात्यातल्या एका बाईंनी त्यांचं लग्न लावलं आणि ते लगेच परत फिरले. त्यानंतर काही दिवसांनी त्यांना कळलं की जॉन यांच्या मृत्यूच्या दाखल्यावर ओहायो सरकार ‘अविवाहित’ लिहिणार आणि जोडीदाराचा रकाना रिकामा ठेवणार. दावा लावला तो या एका रकान्यासाठी. जॉन त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये गेले.

२. लग्न हा धार्मिक संस्कार आहे. मग सरकारने त्यात पडावंच का?

कारण अमेरिकेत एकाच सोहळ्यात दोन लग्नं लागतात. एक काउंटी क्लार्कच्या, म्हणजे जिल्ह्यातल्या सरकारी नोंदणी अधिकाऱ्याच्या, कार्यालयातून परवाना काढून होणारं, दुसरं चर्चमधलं. परवान्यावर पाद्री सही करतो, म्हणून दोन्ही एकच वाटतात. पण वारसा, प्राप्तिकर, दवाखान्यात आत जाण्याचा हक्क, निवृत्तिवेतन हे सगळं त्या परवान्याला चिकटलेलं असतं.

दोन्ही वेगळी आहेत याचा जुना पुरावा कॅथलिकांमध्येच सापडतो. घटस्फोटित माणसाचं पहिलं लग्न चर्चने रद्दबातल ठरवल्याशिवाय त्याला चर्चमध्ये दुसरं लग्न करता येत नाही. सरकार मात्र त्याला परवाना देतं. चर्चने तो आपल्या श्रद्धेवरचा घाला मानून बंद पाडलेला नाही. समलिंगी विवाहाच्या मागणीचा रोख या सरकारी परवान्यावर होता. (पाद्र्यावर सक्ती होऊ शकते का, यासाठी प्रश्न १२ पाहा.)

३. म्हणजे बायबल मानणारे विरोधात आणि न मानणारे बाजूने, असंच ना?

नाही. माझ्याकडे येणाऱ्या प्रश्नांत सगळ्यात जास्त आढळणारा गैरसमज हाच.

युनायटेड चर्च ऑफ क्राइस्ट या प्रोटेस्टंट पंथाच्या महासभेने ४ जुलै २००५ ला अटलांटात विवाहसमानतेचा ठराव केला. तेव्हा असा विवाह कायदेशीर असलेलं एकच राज्य देशात होतं. एपिस्कोपल चर्चने २००३ मध्ये जीन रॉबिन्सन या उघडपणे समलैंगिक असलेल्या पाद्र्याला बिशप केलं. सुधारणावादी ज्यू रब्बींच्या परिषदेने असे सोहळे लावणाऱ्या रब्बींना २००० सालीच पाठिंबा दिला. दुसऱ्या बाजूला सदर्न बाप्टिस्ट, कॅथलिक धर्मसत्ता, मॉर्मन चर्च आणि सनातनी ज्यू ठाम विरोधात राहिले.

आणि धर्मसत्ता जे म्हणते तेच तिचा भाविक म्हणतो असंही नाही. प्यू संस्थेच्या २०१९ च्या पाहणीत ६१ टक्के कॅथलिक समलिंगी विवाहाच्या बाजूने होते, पोपची शिकवण विरोधात असूनही. गोऱ्या मुख्य प्रवाहातल्या प्रोटेस्टंटांत हे प्रमाण ६६ टक्के होतं, कृष्णवर्णीय प्रोटेस्टंटांत ४४ आणि गोऱ्या इव्हँजेलिकलांत, म्हणजे बायबलला अंतिम प्रमाण मानणाऱ्या प्रोटेस्टंटांत, २९. भांडण प्रत्येक चर्चच्या आत चाललेलं आहे, एकाच बाकावर बसणाऱ्यांमध्ये.

४. विरोध करणाऱ्या श्रद्धाळूंचं म्हणणं तरी काय? सगळे द्वेषानेच बोलतात का?

सगळे नाही. त्यांचं म्हणणं साधारण असं: उत्पत्तीच्या पुस्तकात देवाने नर आणि नारी निर्माण केली आणि ती दोघं एकदेह झाली. विवाहाची घडणच ती. मूल जन्माला घालणं आणि त्याला आई व वडील दोघं मिळणं हे विवाहाचं प्रयोजन आहे. सरकारने हा शब्द सगळ्यांसाठी बदलला तर आमच्या मुलांना आमची शिकवण म्हणजे पाप आहे असंच शिकवलं जाईल.

या शेवटच्या भीतीला इतिहास आहे. बॉब जोन्स युनिव्हर्सिटी या ख्रिस्ती विद्यापीठात गोऱ्या आणि काळ्या विद्यार्थ्यांनी प्रेमसंबंध ठेवायला मनाई होती, बायबलचा हवाला देऊन. त्यापायी विद्यापीठाची करसवलत गेली आणि १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आठ विरुद्ध एक मतांनी ते योग्य ठरवलं. ओबर्गफेलच्या सुनावणीत न्यायमूर्ती अलिटो यांनी सरकारी वकिलांना थेट विचारलं होतं: उद्या समलिंगी विवाहाला विरोध करणाऱ्या महाविद्यालयांचंही हेच होणार का? वकिलांनी हा प्रश्न उपस्थित होईल हे मान्य केलं. चर्चमध्ये या उत्तराची फार चर्चा झाली. निकालानंतर या कारणाने एकाही चर्चची करसवलत गेलेली नाही, हेही त्याच दमात सांगायला हवं.

पाठिंबा देणारे श्रद्धाळूसुद्धा बायबलच उघडतात. गलतीकरांना लिहिलेल्या पत्रात पौल म्हणतो की ख्रिस्तात दास आणि स्वतंत्र, पुरुष आणि स्त्री हा भेद उरत नाही. गुलामगिरीच्या विरोधातही हेच वचन वाचलं गेलं होतं.

५. पण यात वंशाचा संबंध कुठून आला?

कायद्यातून आला. कोणाशी लग्न करावं हे सरकारने ठरवायचं का, हा प्रश्न अमेरिकेत आधी वंशाच्या संदर्भात लढला गेला.

१९४७ मध्ये कॅलिफोर्नियात अँड्रिया पेरेझ आणि सिल्व्हेस्टर डेव्हिस परवाना काढायला गेले. ती मेक्सिकन वंशाची, कायद्याच्या लेखी गोरी. तो कृष्णवर्णीय. परवाना नाकारला गेला. दोघेही कॅथलिक होते आणि त्यांनी न्यायालयात मांडलेला मुद्दा आज वाचला की थबकायला होतं: आमचं चर्च आमचं लग्न लावायला तयार आहे, तेव्हा राज्याने नाही म्हणणं हा आमच्या धर्मस्वातंत्र्यावर घाला आहे. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने १९४८ मध्ये चार विरुद्ध तीन मतांनी बंदी उठवली. त्या चारांपैकी एका न्यायाधीशाने धर्मस्वातंत्र्याचाच आधार घेतला. समलिंगी जोडप्यांचं लग्न लावू इच्छिणाऱ्या चर्चनी पुढे हेच म्हटलं.

मग व्हर्जिनियातलं लव्हिंग प्रकरण. मिल्ड्रेड आणि रिचर्ड लव्हिंग यांनी १९५८ मध्ये राजधानी वॉशिंग्टनला जाऊन लग्न केलं. पुढच्याच महिन्यात मध्यरात्री शेरीफ त्यांच्या झोपण्याच्या खोलीत शिरला. लग्नाचा दाखला भिंतीवर लावलेला होता. इथे तो चालत नाही, असं त्यांना सांगण्यात आलं. पंचवीस वर्षं एकत्र राज्यात पाऊल ठेवायचं नाही, या अटीवर त्यांची कैद टळली. न्यायाधीश लिओन बॅझिल यांनी पुढे लिहिलं की सर्वशक्तिमान देवाने निरनिराळे वंश निरनिराळ्या खंडांवर ठेवले, म्हणजेच त्यांची सरमिसळ व्हावी असा त्याचा हेतू नव्हता. १२ जून १९६७ ला सर्वोच्च न्यायालयाने एकमताने हा कायदा रद्द केला. तेव्हा असे कायदे १६ राज्यांत उरले होते.

त्या निकालाला चाळीस वर्षं झाली तेव्हा, २००७ मध्ये, मिल्ड्रेड लव्हिंग यांच्या नावाने एक निवेदन निघालं. काळे असोत की गोरे, समलैंगिक असोत की नसोत, सगळ्यांना लग्नाचं स्वातंत्र्य असावं, असं त्यात म्हटलं होतं. पुढच्या वर्षी त्या वारल्या.

६. ज्यांनी इतका भेदभाव सोसला त्या कृष्णवर्णीयांच्या चर्चनीच विरोध का केला?

हा प्रश्न विचारताना ‘त्यांना तरी कळायला हवं होतं’ असा सूर असतो. तो बाजूला ठेवून इतिहास पाहा.

गुलामगिरीत लग्नाला कायद्याची मान्यताच नव्हती. मालक नवऱ्याला एकीकडे आणि बायकोला दुसरीकडे विकू शकत होता. त्यामुळे गुलामांची लग्नं लावताना ‘मरणाने ताटातूट होईपर्यंत’ या शब्दांत ‘किंवा अंतराने’ अशी भर घातली जायची. १८६५ नंतर मुक्त झालेली जोडपी, पोराबाळांसकट, आपल्या लग्नाची नोंद करायला फ्रीडमेन्स ब्युरो या मुक्त गुलामांसाठीच्या सरकारी खात्याच्या कचेऱ्यांमध्ये आली. कित्येकांचा संसार दहा-वीस वर्षांचा होता, कागद पहिल्यांदाच मिळत होता. अशा समाजात नवरा, बायको, मुलं या चौकटीला जे पावित्र्य आलं ते कष्टाने मिळवलेलं आहे. त्यात भर म्हणजे गोऱ्या समाजाने काळ्यांच्या लैंगिकतेबद्दल शतकानुशतकं घाणेरड्या गोष्टी पसरवल्या. त्याला उत्तर म्हणून चर्चने आपल्या माणसांकडून सोज्वळपणाची फार कडक अपेक्षा ठेवली. आणि चर्च ही बराच काळ त्यांच्या मालकीची जवळजवळ एकमेव संस्था होती. शाळा, सभा, निवडणूक, अंत्यविधी सगळं तिथेच.

२००४ मध्ये आफ्रिकन मेथॉडिस्ट एपिस्कोपल चर्चने आपल्या पाद्र्यांना समलिंगी सोहळे लावायला मनाई केली. पण कृष्णवर्णीय चर्चच्याच परंपरेतून मेरिलंडचे पाद्री डेल्मन कोट्स उभे राहिले. राज्याने सगळ्यांना सारखं वागवावं, चर्चने आपली शिकवण आपल्याकडे ठेवावी, असं ते मेरिलंडमधल्या विवाहसमानतेवरच्या २०१२ च्या सार्वमताआधी उघड बोलत होते. नॉर्थ कॅरोलायनात विल्यम बार्बर या पाद्र्यांनी बंदीच्या घटनादुरुस्तीविरुद्ध राज्यभर सभा घेतल्या. ते हरले, ६१ टक्के मतदारांनी बंदी मंजूर केली. पण चर्चमधलं बोलणं तिथून बदलायला लागलं.

७. कॅलिफोर्नियात प्रपोझिशन ८ काळ्या मतदारांमुळेच मंजूर झालं, हे खरं आहे का?

नाही, आणि हे इतकी वर्षं पसरत राहिल्याचं मला वाईट वाटतं.

मे २००८ मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहाला मान्यता दिली. ४ नोव्हेंबरला प्रपोझिशन ८ या सार्वमताने ती काढून घेतली. बाजूने ५२ टक्के, विरोधात ४८. त्याच दिवशी त्याच राज्याने बराक ओबामा यांना सुमारे ६१ टक्के मतं दिली. रात्री मतदानोत्तर चाचणीचा आकडा आला की ७० टक्के कृष्णवर्णीयांनी बंदीला मत दिलं. झालं, दोन गोष्टी जोडल्या गेल्या: ओबामांसाठी बाहेर पडलेल्या काळ्या मतदारांनी समलैंगिकांचा घात केला. काही मोर्च्यांत कृष्णवर्णीयांना शिव्या ऐकाव्या लागल्या, मोर्च्यात पाठिंब्यासाठी आलेल्यांनासुद्धा.

दोन महिन्यांनी पॅट्रिक इगन आणि केनेथ शेरिल या राज्यशास्त्रज्ञांनी जास्त माहिती घेऊन हिशेब मांडला. खरा आकडा ५८ टक्क्यांच्या आसपास निघाला. पुढचा निष्कर्ष त्याहून महत्त्वाचा होता: दर आठवड्याला चर्चला जाणाऱ्यांचं मत कोणत्याही वंशात जवळपास सारखंच होतं. कृष्णवर्णीयांचा आकडा जास्त दिसला तो मुख्यतः त्यांच्यात नियमित चर्चला जाणारे जास्त असल्यामुळे. मतदारांत वय, पक्ष आणि धार्मिकता यांचा प्रभाव वंशापेक्षा कितीतरी मोठा होता. आणि फरक सुमारे ६ लाख मतांचा होता, एकूण मतं १ कोटी ३० लाखांहून अधिक. बंदीला पडलेली बहुसंख्य मतं कृष्णवर्णीय नसलेल्यांचीच होती.

मोहिमेत पैसा आणि माणसं ओतली ती कोणी? २००८ च्या जूनमध्ये मॉर्मन चर्चच्या प्रमुखांचं पत्र कॅलिफोर्नियातल्या सभांमध्ये वाचून दाखवलं गेलं, आणि सदस्यांनी वेळ व पैसा सढळ हाताने दिला. याच चर्चने १९७८ पर्यंत कृष्णवर्णीयांना पौरोहित्य नाकारलं होतं. बंदीविरोधी मोहीम काळ्या वस्त्यांमध्ये फारशी गेलीच नाही, अशी टीका नंतर झाली. ती रास्त होती. ज्यांच्या दारात कोणी गेलं नाही त्यांच्यावर खापर फोडणं मला तेव्हाही पटलं नव्हतं.

८. समलैंगिकांच्या लढ्याची तुलना कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांच्या चळवळीशी करणं योग्य आहे का?

यावर त्या चळवळीतली माणसंच दुभंगली होती. जेसी जॅक्सन २००४ मध्ये म्हणाले होते की राज्यघटनेने गुलामांना जसं तीन-पंचमांश माणूस धरलं तसं समलैंगिकांना कधी ठरवलं नव्हतं. पुढे त्यांनी विवाहसमानतेला पाठिंबा दिला. जॉन लुईस यांनी सेल्माच्या पुलावर पोलिसांच्या लाठ्या खाल्ल्या होत्या. त्यांनी १९९६ मध्येच प्रतिनिधिगृहात समलिंगी विवाहविरोधी विधेयकाच्या विरोधात भाषण केलं आणि मार्टिन ल्यूथर किंग यांची आठवण दिली: वंश प्रेमात पडत नाहीत, माणसं पडतात.

खुद्द किंग यांच्या घरात दोन मतं होती. पत्नी कोरेटा यांनी २००४ मध्ये समलैंगिकांच्या कुटुंबांना कायद्याचं संरक्षण हवं असं जाहीर सांगितलं. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये त्यांची मुलगी बर्निस अटलांटात किंग यांच्या समाधीपासून निघालेल्या मोर्च्यात चालत होती. समलिंगी विवाहावर बंदी घालणारी घटनादुरुस्ती ही त्या मोर्च्याची एक मागणी होती. आई आणि लेक, दोघींच्या मनात एकाच माणसाचा वारसा.

माझं मत विचाराल तर दोन्ही दुःखं एका मापाने मोजू नयेत. समलैंगिकांना बाजारात विकलं गेलं नाही, त्यांना वेगळ्या नळावर पाणी प्यायला लावलं नाही. जो गोरा समलैंगिक हे विसरून बोलतो त्याच्यावर कृष्णवर्णीय माणूस चिडला तर ते समजण्यासारखं आहे. पण न्यायालयात तुलना वेदनांची नव्हती. ‘देवाने असं ठरवलंय’ एवढ्या कारणावर सरकार परवाना नाकारू शकतं का, हा मुद्दा दोन्हीकडे तोच होता.

९. जे कृष्णवर्णीयही आहेत आणि समलैंगिकही, त्यांच्याबद्दल कोणी का बोलत नाही?

‘काळे विरुद्ध समलैंगिक’ अशी मांडणी केली की ही माणसं नाहीशीच होतात.

बेयर्ड रस्टिन यांचं नाव लक्षात ठेवा. २८ ऑगस्ट १९६३ चा वॉशिंग्टनवरचा मोर्चा, ज्यात किंग यांचं ते प्रसिद्ध भाषण झालं, त्याची सगळी बांधणी रस्टिन यांची. ते क्वेकर पंथाचे, अहिंसावादी आणि समलैंगिक. १९६० मध्ये हार्लेमचे पाद्री आणि काँग्रेस सदस्य अ‍ॅडम क्लेटन पॉवेल यांनी किंग आणि रस्टिन यांच्याबद्दल खोटी कंडी पिकवण्याची धमकी दिली, तेव्हा रस्टिन यांना किंग यांच्यापासून दूर व्हावं लागलं. १९६३ मध्ये मोर्च्याच्या तोंडावर सिनेटर स्ट्रॉम थर्मंड यांनी त्यांच्या अटकेचं जुनं प्रकरण सिनेटमध्ये वाचून काढलं. या वेळी मात्र मोर्च्याचे प्रमुख, कृष्णवर्णीय कामगार नेते ए. फिलिप रँडॉल्फ त्यांच्या पाठीशी उभे राहिले. पाद्री, वर्णद्वेषी सिनेटर आणि स्वतःची चळवळ, तिन्हीकडून त्यांना घाव बसले.

१९८२ मध्ये रस्टिन सत्तरीला आले होते. आपल्यामागे जोडीदार वॉल्टर नेगल यांचं काय होईल, ही काळजी होती. लग्न शक्य नव्हतं, म्हणून त्यांनी नेगल यांना कायद्याने दत्तक घेतलं. त्यासाठी नेगल यांच्या आईला मुलाशी नातं तोडल्याच्या कागदावर सही करावी लागली आणि घराची पाहणी करायला सरकारी समाजसेवक येऊन गेला. तिशी ओलांडलेल्या माणसाचं ‘बालसंगोपन’ नीट होतंय का ते बघायला. लग्नाचा कागद कशासाठी हवा, असं मला कोणी विचारलं की मी ही हकिगत सांगतो. रस्टिन १९८७ मध्ये गेले. २०१३ मध्ये त्यांना राष्ट्राध्यक्षांचं स्वातंत्र्यपदक मरणोत्तर मिळालं, आणि ते स्वीकारलं नेगल यांनी.

१०. राजकीय पक्षांनी या वादाचा फायदा उठवला का?

दोन्ही पक्षांनी, आपापल्या परीने. १९९६ चा डिफेन्स ऑफ मॅरेज अ‍ॅक्ट, म्हणजे केंद्राने समलिंगी विवाह न मानण्याचा कायदा, रिपब्लिकन बहुमताने आणला. पण प्रतिनिधिगृहात विरोधात फक्त ६७ मतं पडली आणि त्यावर सही केली डेमोक्रॅट बिल क्लिंटन यांनी, मध्यरात्रीनंतर, कॅमेऱ्यांशिवाय. २००४ मध्ये जॉर्ज बुश यांनी घटनादुरुस्तीची मागणी केली आणि अध्यक्षीय निवडणुकीच्याच दिवशी ११ राज्यांत बंदीचा प्रश्न मतपत्रिकेवर आला. अकराही ठिकाणी बंदी मंजूर झाली.

सगळ्यात उघडं उदाहरण मेन राज्यातल्या एका खटल्यातून बाहेर आलं. नॅशनल ऑर्गनायझेशन फॉर मॅरेज या विरोधी संघटनेची अंतर्गत टिपणं मार्च २०१२ मध्ये खुली झाली. समलैंगिक आणि कृष्णवर्णीय हे डेमोक्रॅटिक पक्षाचे दोन महत्त्वाचे मतदारगट, त्यांच्यात पाचर मारायची, असं धोरण त्यात स्पष्ट शब्दांत लिहिलेलं होतं. प्रश्न ७ मधली कुजबुज कोणाच्या पथ्यावर पडली, ते यावरून दिसतं.

११. ओबामांनी मत बदललं ते श्रद्धेने की मतांसाठी?

१९९६ मध्ये राज्य सिनेटसाठी उभे असताना त्यांनी एका प्रश्नावलीत समलिंगी विवाहाला पाठिंबा लिहून दिला होता. २००८ मध्ये, ख्रिस्ती म्हणून, विवाह पुरुष आणि स्त्रीचाच असं म्हणाले. ९ मे २०१२ ला पुन्हा बाजूने आले. मधला काळ मला राजकीय हिशेबाचा वाटतो. पण २०१२ च्या त्या मुलाखतीचा परिणाम खरा होता. दहा दिवसांनी एनएएसीपी या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठीच्या जुन्या संघटनेच्या कार्यकारिणीने विवाहसमानतेचा ठराव केला आणि नोव्हेंबरमध्ये मेरिलंडच्या मतदारांनी ५२ टक्क्यांनी ती मंजूर केली. त्याच दिवशी मेन आणि वॉशिंग्टन राज्यांनीही.

१२. एखादा पाद्री, केकवाला किंवा सरकारी कारकून धर्माच्या कारणाने नकार देऊ शकतो का?

तिघांची उत्तरं वेगळी आहेत.

पाद्री देऊ शकतो, कारण सांगायचीही गरज नाही. धर्मस्वातंत्र्याची हमी देणाऱ्या अमेरिकेच्या पहिल्या घटनादुरुस्तीने त्याला संरक्षण आहे.

सरकारी अधिकारी देऊ शकत नाही. केंटकीतल्या रोवन काउंटीच्या क्लार्क किम डेव्हिस यांनी २०१५ मध्ये परवाने देणं थांबवलं, न्यायालयाचा हुकूम मोडला म्हणून पाच दिवस तुरुंगात काढले. पुढे राज्याने परवान्यावरून क्लार्कचं नाव काढून टाकलं. ही तडजोड आधीच केली असती तर बरंच टळलं असतं. परवाना नाकारलेल्या जोडप्याला द्यायच्या नुकसानभरपाईविरुद्ध आणि थेट ओबर्गफेल निकालाविरुद्ध त्यांनी केलेला अर्ज सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये सुनावणीला घेतला नाही.

दुकानदाराचं प्रकरण अवघड आहे. १९६० च्या दशकात साउथ कॅरोलायनातल्या पिगी पार्क या खाणावळींच्या मालकाने काळ्या गिऱ्हाइकांना आत बसवणं आपल्या धर्माविरुद्ध आहे असा बचाव केला. १९६८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निव्वळ थिल्लर ठरवला. या आधाराने सामान्य विक्रीत नकार देता येत नाही, हे आजही खरं. पण २०१८ च्या कोलोरॅडोतल्या केकवाल्याच्या खटल्यात तो जिंकला, ते राज्याच्या आयोगाने त्याच्या श्रद्धेशी तुच्छतेने वागल्यामुळे. आणि २०२३ मध्ये एका वेबसाइट रचनाकार बाईंच्या बाजूने सहा विरुद्ध तीन असा निकाल लागला: मजकूर घडवणं ही अभिव्यक्ती आहे, तिची सक्ती करता येत नाही. केक म्हणजे अभिव्यक्ती का, फुलांची सजावट म्हणजे काय, हे अजून सुटलेलं नाही.

१३. मेथॉडिस्ट चर्च फुटलं त्यात आफ्रिकेचा काय संबंध?

युनायटेड मेथॉडिस्ट चर्चच्या महासभेत जगभरातले प्रतिनिधी मतदान करतात आणि आफ्रिकेतले बहुतांश परंपरावादी आहेत. २०१९ मध्ये सेंट लुईसला ४३८ विरुद्ध ३८४ मतांनी समलिंगी विवाहावरची बंदी आणखी कडक झाली. बंदीला पाठिंबा देणाऱ्या आघाडीत दक्षिणेतले गोरे अमेरिकन आणि काळे आफ्रिकन एकत्र होते. ‘आफ्रिकेला अजून समजायचंय’ अशी काही उदारमतवाद्यांची भाषा आफ्रिकन बिशपांना वसाहतवादी वाटली, आणि ती तशी होतीही. पुढच्या काही वर्षांत अमेरिकेतल्या सुमारे एक चतुर्थांश मंडळ्या बाहेर पडल्या. त्यातले बहुतेक परंपरावादीच. मे २०२४ मध्ये शार्लटला उरलेल्यांनी बंदी उठवली.

हेच चर्च १८४४ मध्ये गुलामगिरीवरून फुटलं होतं. १९३९ मध्ये एकत्र आलं ते काळ्या मंडळ्यांना वेगळ्या विभागात टाकून, आणि तो विभाग १९६८ मध्ये बंद झाला.

१४. पाच न्यायाधीशांनी हे जनतेवर लादलं. उद्या पाच जण ते काढूनही घेतील ना?

मुख्य न्यायाधीश रॉबर्ट्स यांच्या विरोधी मताचा गाभा हाच होता: आनंद जरूर साजरा करा, पण राज्यघटनेचा याच्याशी संबंध नाही. त्याला आकड्यांचं उत्तर आहे. २०१५ मध्ये गॅलपच्या पाहणीत ६० टक्के लोक बाजूने होते. लव्हिंग निकालानंतर वर्षभराने आंतरवंशीय विवाह मान्य असणारे होते फक्त २० टक्के. जनमताच्या पुढे जाणं हा आक्षेप असेल तर तो लव्हिंगला जास्त लागू पडतो.

धोका मात्र खोटा नाही. जून २०२२ मध्ये गर्भपाताचा हक्क गेला तेव्हा न्यायमूर्ती क्लेरेन्स थॉमस यांनी ओबर्गफेलचाही फेरविचार व्हावा असं लिहिलं. त्यांनी दिलेल्या यादीत लव्हिंग नव्हतं. त्यांचा स्वतःचा विवाह आंतरवंशीय आहे. डिसेंबर २०२२ मध्ये बायडेन यांनी रिस्पेक्ट फॉर मॅरेज अ‍ॅक्टवर सही केली. त्यात समलिंगी आणि आंतरवंशीय दोन्ही विवाह एकत्र संरक्षित केले आहेत, धार्मिक संस्थांना स्पष्ट सूट आहे आणि म्हणून मॉर्मन चर्चनेही त्याला पाठिंबा दिला. २००८ नंतर चौदा वर्षांनी हे घडलं, याचा मला खरोखर आनंद झाला.

पण या कायद्याला मर्यादा आहे. ओबर्गफेल उलटला तर राज्यांना नवे परवाने देण्याची सक्ती हा कायदा करत नाही. दुसऱ्या राज्यात झालेलं लग्न मानण्याची करतो. अनेक राज्यांच्या घटनांत जुनी बंदी अजून छापील आहे, ती पुन्हा जागी होईल. म्हणून नोव्हेंबर २०२४ मध्ये कॅलिफोर्निया, कोलोरॅडो आणि हवाई यांनी ती सार्वमताने पुसून टाकली. जून २०२५ मध्ये सदर्न बाप्टिस्टांनी निकाल उलटवण्याचा ठराव केला. गॅलपनुसार २०२५ मध्ये देशभरात पाठिंबा ६८ टक्के, रिपब्लिकनांत ४१.

१५. अमेरिकेच्या हद्दीत असूनही हा निकाल लागू नाही अशा जागा आहेत का?

आहेत. मूळ निवासी जमातींच्या राष्ट्रांना त्यांचं स्वतःचं सार्वभौमत्व आहे आणि राज्यघटनेतल्या हक्कांच्या तरतुदी त्यांच्यावर थेट लागू होत नाहीत. नावाहो राष्ट्राने २००५ मध्ये समलिंगी विवाहबंदीचा कायदा केला. अध्यक्ष जो शर्ली यांनी नकाराधिकार वापरला, परिषदेने तो फेटाळला. बंदीचे समर्थक परंपरेचा दाखला देतात. विरोधक म्हणतात की आमच्या परंपरेत ‘नादलीही’ म्हणजे स्त्रीपुरुषांच्या पलीकडच्या माणसांना मान होता, आणि ही बंदी मिशनऱ्यांनी आणली. ओरेगॉनच्या कोकील जमातीने मात्र राज्याच्या कितीतरी आधी, २००८ मध्ये, असा विवाह मान्य केला. चेरोकी राष्ट्राने २०१६ मध्ये आपल्या महाधिवक्त्याच्या मतानुसार परवाने द्यायला सुरुवात केली.

अमेरिकन सामोआ या बेटांवर असे परवाने दिले जात नाहीत. तिथलं जोडपं हवाईला जाऊन लग्न करून येतं. रिस्पेक्ट फॉर मॅरेज अ‍ॅक्टमध्ये अमेरिकेच्या ताब्यातले प्रदेशही येतात, त्यामुळे परतल्यावर ते लग्न नाकारता येत नाही.